मुदत कायदा, ऋणवसुलीविषयक

न्यायालयात दावा, अपील वा अर्ज दाखल करण्याची कालमर्यादा ठरविणाऱ्या कायद्यास मुदत कायदा म्हणतात. पुरावा नष्ट होण्यापूर्वी वाद न्यायालयासमोर यावा आणि जुन्या मागण्यांची टांगती तलवार ऋणकोवर कायम राहू नये, ही त्यामागील तत्त्वे होत. भारतात १ जानेवारी १९६४ पासून मुदत अधिनियम, १९६३ अंमलात आहे.

मुदतीचे सर्वसाधारण पहिले विधान १८५९ साली झाले. नोंदणी न झालेल्या कर्जखतांवरील दाव्यास त्याने तीन वर्षांची मुदत घातली. हेतू ऋणकोच्या संरक्षणाचा होता. परंतु सावकार मुदत संपण्यापूर्वी थकलेले व्याज मुद्दलात मिळवून नवे खत लिहून घेऊ लागले व कर्ज फुगत गेले. १८७५ मध्ये पुणे व अहमदनगर जिल्ह्यांत झालेल्या दंग्यांत शेतकऱ्यांनी कर्जखते जाळली, त्यामागील कारणांत हे एक होते. दख्खन शेतकरी साहाय्य अधिनियम, १८७९ अन्वये शेतकऱ्यांच्या कर्जांसाठी ही मुदत वाढविण्यात आली.

व्यापारी ऋणाच्या बहुतेक दाव्यांना तीन वर्षांची मुदत आहे. ती केव्हा सुरू होते, हा कळीचा प्रश्न असतो. उधारीचा काळ ठरलेला नसल्यास मुदत माल दिल्याच्या दिवसापासून आणि ठरलेला असल्यास तो संपल्यापासून मोजतात, आरंभदिन वगळतात. ६ मार्च २०२३ रोजी दिलेल्या मालाच्या किंमतीसाठी ६ मार्च २०२६ पर्यंत, तर तोच माल नव्वद दिवसांच्या उधारीवर दिला असल्यास ४ जून २०२६ पर्यंत दावा लावता येतो. मागताक्षणी फेडावयाच्या कर्जाची मुदत मागणीपासून नव्हे, तर कर्ज दिल्यापासूनच धावते. मागताक्षणी परत करावयाच्या ठेवीची मात्र मागणीपासून. उभयतांच्या परस्पर मागण्या असलेल्या चालू खात्यात शेवटची सिद्ध नोंद ज्या वर्षात असेल, त्या वर्षाच्या अखेरीपासून मुदत मोजतात. हे वर्ष खातेवहीतील धरतात. त्यामुळे दिवाळीस वही बदलणाऱ्या व्यापाऱ्याचे वर्षही दिवाळीस संपते. स्थावराच्या गहाणाने सुरक्षित कर्जाची मुदत बारा वर्षे आहे.

एकदा सुरू झालेली मुदत सहसा थांबत नाही. वकिलाची नोटीस, तगादा किंवा ऋणकोचे तोंडी आश्वासन यांनी ती वाढत नाही. मुदत संपण्यापूर्वी ऋणकोने सहीनिशी ऋण लेखी मान्य केल्यास किंवा काही रक्कम देऊन तशी लेखी नोंद केल्यास नवी मुदत सुरू होते (कलमे १८ व १९). मुदत संपल्यानंतरच्या कबुलीने ती पुनरुज्जीवित होत नाही. मात्र मुदतबाह्य ऋण फेडण्याचे सहीचे लेखी वचन संविदा अधिनियम, १८७२ च्या कलम २५ अन्वये बंधनकारक ठरते. अधिकारिता नसलेल्या न्यायालयात सद्भावाने व तत्परतेने दावा चालविण्यात गेलेला काळ वगळतात. विलंबमाफीचे कलम ५ अपील व अर्ज यांना लागू आहे, दाव्यांना नाही.

प्रतिवादीने आक्षेप घेतला नाही, तरी मुदतबाह्य दावा न्यायालयाने फेटाळलाच पाहिजे (कलम ३). तथापि वसुलीचा उपाय संपला, तरी ऋण नाहीसे होत नाही. ऋणकोने स्वेच्छेने दिलेली रक्कम धनको ठेवून घेऊ शकतो. करार करून कायद्याची मुदत कमी करता येत नाही.

वाणिज्यिक न्यायालये अधिनियम, २०१५ मध्ये २०१८ साली झालेल्या दुरुस्तीनुसार, तातडीचा अंतरिम दिलासा मागितला नसल्यास, दाव्यापूर्वी मध्यस्थी आवश्यक आहे; तिच्यात गेलेला काळ मुदतीत धरत नाहीत. करोना साथीमुळे सर्वोच्च न्यायालयाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ वगळला होता. नादारी व दिवाळखोरी संहिता, २०१६ खालील अर्जांनाही मुदत अधिनियम लागू असल्याचे २०१८ मध्ये स्पष्ट करण्यात आले. त्यामुळे मुदतबाह्य ऋणाच्या वसुलीसाठी त्या मार्गाचा आश्रय घेता येत नाही.