बाहुली-विस्फारण
परितारिकेच्या मध्यभागी असलेले रंध्र (बाहुली) रुंदावण्याची क्रिया. प्रखर प्रकाशात बाहुलीचा व्यास सु. २ मिमी. असतो, अंधारात किंवा भीतीने अरीय स्नायू आकुंचन पावून तो सु. ८ मिमी. पर्यंत वाढू शकतो. गोंदिया जिल्ह्यात पडीक जागी उगवणाऱ्या धोतऱ्यातील ॲट्रोपीन बाहुलीभोवतीच्या वर्तुळाकार स्नायूस शिथिल करते. धोतऱ्याचा रस एका डोळ्यात गेल्यास तेवढीच बाहुली विस्फारते. डोक्यास जबर मार लागल्यावरही असेच घडते व ते प्राणसंकटाचे लक्षण असू शकते. म्हणून दोन्ही शक्यतांची चौकशी अगत्याची ठरते. नेत्रपरीक्षेत ट्रॉपिकामाइडाच्या थेंबांनी सु. २०–३० मिनिटांत बाहुली विस्फारते व मधुमेहजन्य जालपटलविकृती दृष्टी मंदावण्यापूर्वीच ओळखता येते. अग्रकोष्ठाचा कोन अरुंद असल्यास मात्र तीव्र काचबिंदू उद्भवण्याचा धोका असतो.