भीतीचे कारागीर (६) : अंग बाहुल्याचं, आवाज माणसाचा

गेल्या आठवड्यात आपण अनिरुद्ध अग्रवाल यांच्यापाशी थांबलो होतो. रुरकीला स्थापत्य अभियांत्रिकी शिकलेला हा माणूस रामसे बंधूंच्या ‘पुराना मंदिर’मध्ये (१९८४) सामरी झाला. त्याला संवादांची फारशी गरजच नव्हती. तो दारात नुसता उभा राहिला तरी पुरे.

आपल्या गावचे, म्हणजे डोंबिवलीचे, झोंबीही त्याच जातीचे. आदित्य सरपोतदारांचा ‘झोंबिवली’ २६ जानेवारी २०२२ला आला. त्यात अमेय वाघ, ललित प्रभाकर, वैदेही परशुरामी बोलतात, भांडतात, पळतात; झोंबी मात्र नुसते वाकडेतिकडे चालतात आणि गुरगुरतात. (जिथे २०१४ साली हिरवा पाऊस पडून गेला, तिथल्या लोकांना झोंब्यांचं काय कौतुक? त्या सिनेमातलं पाण्याचं भांडण मात्र अगदी घरचं वाटलं.) म्हणजे नटाचं शरीर पडद्यावर, आवाज गायब.

आजचा नट याच्या बरोबर उलटा. ‘झपाटलेला’ (१९९३) मध्ये दिलीप प्रभावळकर सुरुवातीला थोडा वेळ दिसतात, गुंड तात्या विंचू म्हणून. मग इन्स्पेक्टर महेशच्या गोळीने तात्या घायाळ होतो, मृत्युंजय मंत्राच्या जोरावर त्याचा जीव एका बाहुल्यात शिरतो आणि पुढे आपल्यासमोर राहतो तो बाहुला. नट गेला, आवाज उरला.

कल्पना मूळची अमेरिकेची. ‘चाइल्ड्स प्ले’ (१९८८) मधला चकी हा तात्याचा थोरला भाऊ. पण महेश कोठारे यांना महाराष्ट्रात एक आयती गोष्ट मिळाली: बोलक्या बाहुल्यांची परंपरा. यशवंत पाध्यांचा अर्धवटराव इथल्या कित्येक पिढ्यांच्या ओळखीचा. तात्याचा बाहुला केला आणि हलवला तो त्यांच्याच मुलाने, रामदास पाध्ये यांनी. त्यामुळे लक्ष्याला, म्हणजे लक्ष्मीकांत बेर्डेला, शब्दभ्रमाचा नाद असणं कुणाला खटकलं नाही. चकी दुकानातलं खेळणं होता. तात्या आला तो थेट शाळेच्या स्नेहसंमेलनातून उठून. आपण ज्या बाहुल्याला हसत आलो, तोच हातात सुरा घेऊन उभा, म्हणून पोटात गोळा.

इथे जरा कारागिरीत शिरू. बाहुल्याचा जबडा वरखाली होतो, एवढंच. त्याला ओठ मिटता येत नाहीत. स्टेजवर शब्दभ्रमकारालाही स्वतःचे ओठ हलवायची चोरी, म्हणून प, फ, ब, भ, म ही अक्षरं त्याची वैरी. आता ‘अर्धवटराव’ म्हणून बघा, ‘तात्या विंचू’ म्हणून बघा. दोन्ही नावांत ओठ एकदाही मिटत नाहीत. योगायोग असेल, मला मात्र तो फार आवडतो. सिनेमात आवाज वेगळा जोडता येत असल्यामुळे प्रभावळकरांना ही अडचण नव्हती. त्यांची अडचण निराळी: लाकडी थोबाडावर राग, लोभ, कपट काहीच उमटत नाही, ते सगळं घशातून काढायचं. खरखरीत, दात-ओठ खाणारा तो आवाज ऐकताना बाहुल्याच्या भुवया आवळल्याचा भास होतो. त्या हलतात की नाही, हे बघायचं भान आपल्याला राहत नाही.

आणि हा आवाज कुणाचा? दूरदर्शनवरच्या भिडस्त चिमणरावाचा. ‘झपाटलेला’च्या दोनच वर्षं आधी ‘चौकट राजा’मध्ये (१९९१) त्यांनी मतिमंद नंदू केला होता. ‘हसवाफसवी’ हे नाटक त्यांनी स्वतः लिहिलं आणि त्यात सहा भूमिका केल्या. पुढे टिपऱ्यांचे आबा झाले, २००६ साली ‘लगे रहो मुन्नाभाई’मध्ये गांधीजी झाले आणि त्या भूमिकेसाठी व ‘शेवरी’साठी मिळून राष्ट्रीय पुरस्कार आला. सत्कारांत गांधीजींचं नाव आधी घेतलं जातं, ते रास्तच. पण डोंबिवलीच्या कुठल्याही सोसायटीत गणपतीच्या रात्री मुलांना घाबरवायला कुणी गांधीजींचा आवाज काढत नाही.

हॉलिवूडने ‘फ्रँकेन्स्टाइन’च्या (१९३१) सुरुवातीच्या श्रेयनामावलीत राक्षसाच्या नावापुढे नट म्हणून प्रश्नचिन्ह छापलं होतं, बोरिस कार्लोफचं नाव शेवटी आलं. प्रभावळकरांच्या बाबतीत उलट झालं. नाव सुरुवातीपासून सगळ्यांना ठाऊक, तरी लहान मुलांना तात्या आणि चिमणराव एकच आहेत हे सांगून पटत नसे. मला मोठेपणीही जरा जडच गेलं.

२०१३ साली ‘झपाटलेला २’ थ्रीडीत आला. मधल्या वीस वर्षांत लक्ष्मीकांत बेर्डे गेले होते, नायक आता कोठारेंचा मुलगा आदिनाथ होता. बाहुला परत आणायचा तर परत रंगवता येतो, कपडे नवे शिवता येतात. आवाजासाठी मात्र सत्तरीच्या उंबरठ्यावरच्या प्रभावळकरांनाच पुन्हा मायक्रोफोनसमोर उभं राहावं लागलं.

(पुढील लेखांक : ‘लपाछपी’ आणि उसाचं शेत)