कुयरी, कडवे वाल आणि कारखान्यातलं मटण

मार्च उजाडला की बोर्ली पंचतनच्या बाजारात फणसाच्या कुयऱ्या येऊ लागतात. नारळापेक्षा थोड्या मोठ्या, हिरव्यागार, काटे अजून हाताला टोचत नाहीत इतक्या कोवळ्या. देठाशी चीक ओघळून सुकलेला असतो. आजूबाजूच्या वाड्यांतून सकाळी आलेला माल ऊन चढायच्या आत संपतो. एकच कुयरी, पण घरागणिक तिचा थाट वेगळा. एका घरात मोहरीची फोडणी, सुक्या मिरच्या, भिजवलेले वाल आणि वरून ओलं खोबरं. दुसऱ्या घरात कांदा-खोबऱ्याचं खरपूस भाजलेलं वाटण, गरम मसाला, अंगाबरोबर रस्सा आणि सोबत तांदळाची भाकरी. मटणाचे जेवढे लाड करायचे तेवढे सगळे हिचेही होतात.

गेली बरीच वर्षं मी वनस्पतिजन्य मांसाच्या उद्योगाबद्दल मिळेल ते वाचतो आहे आणि मिळेल ते चाखून बघतो आहे. माझं मत आता पक्कं झालं आहे. या उद्योगाने प्रयोगशाळेत ज्यासाठी अफाट पैसा ओतला, त्यातलं निम्मं काम कोकणातलं झाड फुकट करून देतं. उरलेलं निम्मं काम रायगडच्या भातखाचरांत, भात कापल्यावर उगवतं.

आधी पार्श्वभूमी उरकतो. चीनमध्ये बौद्ध मठांच्या स्वयंपाकघरांत गव्हाच्या चिवट प्रथिनांपासून मांसासारखे पदार्थ शतकानुशतकं होत आले आहेत. विसाव्या शतकात अमेरिकेने सोयाबीनचं तेल काढून उरलेल्या पिठाला एक्स्ट्रूडर यंत्रातून दाब आणि उष्णता देऊन तंतुमय केलं. आपल्या किराणा दुकानातली सोयाबीनची वडी ती हीच. २००९ मध्ये इथन ब्राउन यांनी बियॉंड मीट आणि २०११ मध्ये पॅट ब्राउन यांनी इम्पॉसिबल फूड्स काढली. दुसऱ्या कंपनीने सोयाबीनच्या मुळांच्या गाठींत असणारं हीमयुक्त प्रथिन यीस्टकडून बनवून घेतलं आणि बर्गरला रक्ताची चव व रंग आणला. मे २०१९ मध्ये बियॉंड मीटचा शेअर २५ डॉलरला बाजारात आला आणि त्याच उन्हाळ्यात २०० डॉलरच्या वर गेला. २०२५ च्या ऑक्टोबरात तोच शेअर एका डॉलरखाली उतरला. लोकांनी हे मांस कुतूहलाने एकदा घेतलं, पुन्हा घेतलं नाही. मांसाहून महाग, चवीला जवळपास पण तंतोतंत नाही, आणि पाकिटावर घटकांची लांबलचक यादी.

आपल्याकडची लाट थोडी नंतर आली. लातूरच्या रितेश देशमुख यांनी पत्नी जेनेलिया यांच्यासह २०२१ मध्ये इमॅजिन मीट्स बाजारात आणलं. लातूर म्हणजे सोयाबीनची मोठी बाजारपेठ, त्यामुळे तिथल्या माणसाने या धंद्यात उतरणं मला फार समर्पक वाटलं. मुंबईच्या ब्लू ट्राइब फूड्समध्ये २०२२ मध्ये विराट कोहली आणि अनुष्का शर्मा यांनी पैसे घातले. त्याच वर्षी अन्नसुरक्षा प्राधिकरणाने व्हीगन पदार्थांसाठी वेगळे नियम आणि वेगळं चिन्ह आणलं. उदयपूरची गुडडॉट या सगळ्यांच्या आधीपासूनची. गिऱ्हाईक कमी म्हणावं तर तेही नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयोगटातले सुमारे ८३ टक्के पुरुष आणि ७१ टक्के स्त्रिया अधूनमधून तरी मासे, मांस वा चिकन खाणाऱ्या निघाल्या. तरीही ही पाकिटं मोठ्या शहरांच्या मॉलमधल्या फ्रीझरपलीकडे फारशी पोचली नाहीत.

का पोचली नाहीत, ते बोर्लीत राहिलं की चटकन कळतं. असा गोठवलेला खिमा उणे १८ अंशांवर ठेवावा लागतो. मुंबईहून थर्मोकोलच्या पेटीत बर्फ भरून मी एकदा तो इकडे आणला होता. माणगाव, म्हसळा करत घरी पोचेपर्यंत तो तग धरून राहिला, पण संध्याकाळी वाऱ्याबरोबर लाइट गेली ती दुसऱ्या दिवशी आली. पावसाळ्यात इथे हे नेहमीचंच आहे. ज्या मालाला कारखान्यापासून कढईपर्यंत अखंड थंडी लागते, तो माल तालुक्याच्या दुकानदाराने कशाच्या भरवशावर भरावा?

कुयरीकडे वळतो, कारण खरं सांगायचं आहे ते तिच्याबद्दल.

दिवेआगरला एक काकू घरगुती खाणावळ चालवतात. कुयरी कशी सोलायची ते मी त्यांच्या मागच्या पडवीत बसून पाहिलं. जमिनीवर वर्तमानपत्रं पसरली, विळी मांडली, खोबरेल तेलाची वाटी जवळ ओढली. मी मदतीला हात पुढे केला तशा म्हणाल्या, "भाऊ, आधी हाताला तेल लावा, मग विळीच्या पात्याला लावा. चीक एकदा बसला की साबणाला दाद देत नाही." कुयरी उभी चिरली की पांढराशुभ्र चीक पात्यावर सरकन धावतो. तो कागदाने टिपायचा. काटेरी साल जाडसर तासायची, मधला दांडा काढून टाकायचा आणि फोडी लगेच मिठाच्या पाण्यात सोडायच्या. जरा उशीर झाला तर हवा लागून त्या तपकिरी पडतात. मग कुकरला दोन शिट्ट्या. गार झालेली फोड खलबत्त्यात घालून काकूंनी बत्त्याने हलकेच चेचली आणि मी पुढे वाकून बघत राहिलो. बटाट्याचा झाला असता तसा तिचा लगदा झाला नाही. ती धाग्याधाग्यांनी सुटली. लांब, ओलसर, एका दिशेने जाणारे धागे, मधूनमधून लोण्यासारख्या कोवळ्या आठळ्या. उकडलेल्या कोंबडीचा तुकडा बोटांनी सोडवावा तसे ते सुटत होते.

हे धागे येतात कुठून? फणस हे खरं तर एक फळ नव्हे. एका दांड्याभोवती दाटीने बसलेल्या शेकडो फुलांचं मिळून ते बनतं. ज्या फुलांत बीज धरतं त्यांचे गरे होतात. ज्यांत धरत नाही ती गऱ्यांच्या मधे चपट्या पात्यांसारखी राहून जातात. पिकलेल्या फणसातली ही पाती आपण गुरांना टाकतो. कुयरीत मात्र गरा आणि पाती यांत अजून फारसा फरक पडलेला नसतो, साखर भरलेली नसते, स्वतःची चव जवळपास नसते. म्हणून तिला जो मसाला द्याल तो ती शोषून घेते. एक्स्ट्रूडरच्या तोंडाशी थंड पाण्याचा साचा बसवून, वितळलेलं प्रथिन एका दिशेने ताणून गोठवून, अभियंते जे धागे मिळवतात ते इथे बुंध्यावर आयते लटकलेले असतात. बंगालीत कच्च्या फणसाला 'गाछ पाठा', म्हणजे झाडावरचा बोकड, म्हणतात. कोकणाबाहेरच्या लोकांनाही हे फार पूर्वीच उमगलं होतं.

फणसाचा विषय निघालाच आहे तर आणखी एक सांगतो. जगातल्या सर्वांत वजनदार फणसाची गिनेस नोंद महाराष्ट्रातली आहे. पुणे जिल्ह्यात वेल्ह्याला जून २०१६ मध्ये मोजलेला तो फणस ४२.७२ किलोचा होता. दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाने 'कोंकण प्रॉलिफिक' नावाची कापा जात दिली आहे (घट्ट गऱ्यांचा तो कापा, मऊ गऱ्यांचा तो बरका). आणि लांज्याजवळ झापड्याला हरिश्चंद्र व मिथिलेश देसाई या पितापुत्रांनी जातोजातीच्या फणसांची जी बाग उभी केली आहे, ती प्रत्येक कोकणी माणसाने पाहावी अशी आहे. आंब्यासाठी आपण जीव टाकतो, काजूला कारखाना देतो, फणसाला मात्र बांधावर उभं करून ठेवतो. ही वागणूक मला मनापासून खटकते.

आता कुयरीची उणी बाजू, कारण फणसप्रेमी ती झाकून ठेवतात. १०० ग्रॅम कुयरीत प्रथिनं जेमतेम अडीच ग्रॅम. सोयाबीनच्या वडीत ती ५० ग्रॅमच्या आसपास असतात. म्हणजे कुयरीत मांसाचा पोत आहे, मांसाचं बळ नाही. परदेशात फणसाची पाकिटं 'मटणाला पर्याय' म्हणून विकली जातात तेव्हा ही गोष्ट बारीक अक्षरांत जाते, आणि रोज तेवढंच खाणाऱ्याची त्यात फसगत होते.

पण आपल्या आज्यांनी कुयरीच्या भाजीत वाल का घातले? त्यांना ग्रॅम मोजता येत नव्हते, पण ताट भरभक्कम कसं होतं ते कळत होतं. रायगडचे कडवे वाल भात कापल्यावर खाचरात उरलेल्या ओलीवर येतात. त्यांना वेगळं पाणी द्यावं लागत नाही, आणि डाळवर्गातले असल्याने ते मुळांवाटे जमिनीला नत्र देतात. सुक्या वालात १०० ग्रॅमला सुमारे २५ ग्रॅम प्रथिनं असतात. भिजवून, मोड आणून, कोमट पाण्यात एकेक सोलून केलेलं बिरडं ज्याने खाल्लं आहे, त्याला मासळीविना जेवण अडतं असं वाटणार नाही. थंडीत अलिबागेकडे रात्री शेतात मडकं लावून पोपटी होते. भांबुर्ड्याचा पाला, वालाच्या शेंगा, त्यात कोंबडी आणि अंडी. कोंबडी न खाणाऱ्यांसाठी त्याच मडक्यात बटाटे, कांदे, वांगी जातात आणि गंमत तसूभर कमी होत नाही. पहिल्या पावसाबरोबर बाजारात शेवळं येतात. काकडांचा आंबट रस घातला नाही तर घसा खाजवून हैराण करणारी ही रानभाजी, पण नीट जमली तर अगदी खिम्याच्या अंगाने जाते. कोणी तिच्यात कोलंबी घालतात, कोणी वाल. या किनाऱ्यावर शाकाहार आणि मांसाहार यांच्यात भिंत कधी नव्हतीच. जून-जुलैत मासेमारी बंद, मग श्रावण, मधेमधे वारांचे उपास. वर्षातले कितीतरी दिवस पट्टीचा मासे खाणाराही झाडापाल्याकडे वळतो. मांस सोडा असं त्याला कोणी सांगावं लागत नाही, त्या दिवशी ताटात काय चांगलं वाढता एवढंच तो बघतो. मोठ्या कंपन्यांनी बर्गरची हुबेहूब नक्कल करण्याऐवजी या दिवसांचा विचार केला असता तर बरं झालं असतं.

केरळने हे ओळखलं. मार्च २०१८ मध्ये त्यांनी फणसाला राज्यफळ केलं. कर्नाटकात पुत्तूरहून निघणारं 'अडिके पत्रिके' हे मासिक मुळात सुपारी बागायतदारांचं, पण त्याचे संपादक श्री पद्रे यांनी वर्षानुवर्षं फणसावर लिहून लिहून वाचकांना त्याकडे बघायला लावलं. श्रीवर्धन-दिवेआगरचा पट्टाही सुपारीचाच, म्हणून मला त्या मासिकाचं विशेष अप्रूप आहे. अमेरिकेत ॲनी र्यू यांनी द जॅकफ्रूट कंपनी काढली, ती भारतातल्या शेतकऱ्यांकडून कच्चा फणस घेऊन. आणि शेजारच्या गोव्यात साईराज धोंड यांनी २०२० मध्ये वाकाओ फूड्स सुरू करून फणसाची बर्गर पॅटी आणि मसालेदार फोडी पाकिटात आणल्या. मला या सगळ्यांत महत्त्वाचं वाटतं ते रिटॉर्टचं तंत्र. फोडी जाड पाकिटात सीलबंद करून वाफेच्या दाबाखाली १२० अंशांच्या आसपास तापवल्या की माल फ्रीजशिवाय महिनोन्‌महिने टिकतो. लाइट जावो, रस्ता खचो, दुकानातल्या फळीवर पाकीट जसंच्या तसं राहतं. कोकणाला हवी ती ही पद्धत.

बोर्लीत हे कोण करील? बागायतदारांशी बोलताना तीन अडचणी पुन्हा पुन्हा कानावर येतात. पहिली मजुरीची. कुयरी सोलणं हे चिकाचं, वेळखाऊ काम, आणि गावात तरुण हात कमी, कारण ते मुंबईत. दुसरी, हंगाम दोन-अडीच महिन्यांचा, मग बाकीचे महिने यंत्रं काय करणार? तिसरी, झाडंच कमी झाली. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ या किनाऱ्यावर आदळलं तेव्हा नारळी-पोफळींचे आगर आडवे झाले, आणि आगराच्या कडेने उभे असलेले जुने फणस मुळांसकट उपटले गेले. लोकांनी सुपारी आणि नारळ पुन्हा लावले. फणस फारच थोड्यांनी लावला.

दुसऱ्या अडचणीचं उत्तर माझ्या मते वालात आहे. मार्च ते मेपर्यंत कुयरी, आणि वाल तर सुकवून वर्षभर. त्याच यंत्रांवर मोड आलेलं सोललेलं बिरडं पाकिटात भरता येईल, आणि कुयरी व वाल एकत्र शिजवलेली भाजीही. त्यात पोतही आला आणि प्रथिनंही. सूक्ष्म अन्नप्रक्रिया उद्योगांसाठी २०२० पासून केंद्राची जी योजना आहे, तिच्यात प्रकल्पखर्चाच्या ३५ टक्के, कमाल १० लाखांपर्यंत, अनुदान मिळतं. महिला बचत गटांनाही या योजनेत जागा आहे. सोलणीसाठी मुंबईहून माणसं आणायची गरज नाही. सोलणाऱ्या बायका गावातच आहेत, त्यांच्या त्या कामाला आजवर कोणी दाम दिलेला नाही एवढंच.

आणि बागायतदाराचा फायदा? पिकलेला फणस विकणं म्हणजे वानरांशी आणि पावसाशी शर्यत. मे महिन्यात वानरांची टोळी उतरली की एका दुपारीत झाडाची रया जाते. त्यातून वाचलेले फणस जूनच्या पहिल्या सरींत धपाधप पडून कुजतात. कुयरी मार्चमध्येच उतरते, पाऊस यायच्या कितीतरी आधी. वानर कच्च्याच्या फार मागे लागत नाही. बुंध्यावर घोसाने लागलेल्या फळांपैकी निम्मी कोवळी असताना काढली तर उरलेल्यांना पोसायला वाव मिळतो आणि ती मोठी होतात. वडवलीच्या एका म्हाताऱ्या बागायतदाराला मी हे सगळं समजावत होतो. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "कुयरीला नगावर भाव देणार की किलोवर, ते आधी सांगा." मी म्हणालो, किलोवर, आणि तोही देठ कापून, चीक गळून गेल्यावरच्या वजनाला. त्यावर ते म्हणाले, "मग माझ्या चार झाडांचं धरा. दोन कापा, दोन बरका. कुयरीत काय फरक कळतोय?"