विडीच्या हजाराचा हिशेब

‘नोकरी करणारी स्त्री’ हे शब्द उच्चारले की आपल्या मध्यमवर्गीय मनापुढे शिक्षिका, परिचारिका, टंकलेखिका किंवा बँकेतील कर्मचारी उभी राहते. स्त्री घराबाहेर पडली ती शिक्षणामुळे, असा आपला समज असतो. पण निपाणीसारख्या गावी गेल्यास हा समज टिकत नाही. १९५६ साली बेळगाव जिल्ह्याबरोबर तत्कालीन म्हैसूर राज्यात गेलेल्या या मराठीभाषी गावाचा लौकिक तंबाखूच्या व्यापारावर उभा राहिला, आणि त्या व्यापाराला हात पुरवले ते प्रामुख्याने अक्षरओळख नसलेल्या स्त्रियांनी. तेव्हा स्त्रिया काम करतात की नाही, हा प्रश्नच नव्हे. कामाचा कोणता भाग त्यांच्या वाट्याला येतो आणि तो कोण ठरवतो, हा खरा प्रश्न आहे.

एका विडीचा प्रवास पाहिला तरी हे ध्यानात येते. उन्हाळ्यात मध्य भारताच्या रानांत तेंदूची पाने तोडली जातात. तोडणाऱ्यांत बायका आणि मुलेच पुष्कळ. तंबाखूच्या वखारीत माल पाखडणे, चाळणे, निवडणे ही धुळीची कामे बायकांची. मग पाने भिजवायची, पत्र्याच्या मापाने कात्रीने कापायची, त्यांत तंबाखू भरून वळायचे, तोंड दुमडायचे, दोरा गुंडाळायचा. सराईत हात दिवसाकाठी आठशे ते हजार विड्या वळतो. येथवर बहुतेक सारे स्त्रीचे. यापुढे मात्र विडी तपासणारा पुरुष, भट्टी सांभाळणारा पुरुष, माल रवाना करणारा, हिशेब लिहिणारा आणि ठेकेदारही बहुधा पुरुषच. वळणारीला हजारी दराने मजुरी; तपासणाऱ्याला तिच्या विड्या ‘छाट’ म्हणून बाजूला टाकण्याचा अधिकार.

या वाटणीचे कारण विचारले तर ठरलेले उत्तर मिळते: बायकांची बोटे नाजूक नि चपळ असतात. मग सोनाराची, शिंप्याची, घड्याळ दुरुस्त करणाऱ्याची बोटे कोणती? तेथे चपळपणाला ‘कसब’ म्हणतात आणि त्याचे दाम मोजतात. येथे त्यालाच ‘उपजत गुण’ म्हणतात, म्हणजे त्याचे दाम मोजावे लागत नाही.

आणि विडी वळणे हे बायकांचेच काम, हेही खरे नाही. केरळातील कण्णूरकडे एके काळी कारखान्यांत ओळीने बसून पुरुषच मोठ्या संख्येने विड्या वळत. एकजण वर्तमानपत्र मोठ्याने वाची आणि बाकीचे वळता वळता ऐकत. विडी व सिगार कामगारांचा कायदा १९६६ साली झाला. तो लागू होऊ लागताच एका मोठ्या मालकाने तिकडचे कारखाने बंद केले आणि हजारो कामगार रस्त्यावर आले. त्यांतून १९६९ साली ‘केरळ दिनेश बीडी’ ही सहकारी संस्था जन्मली. इतरत्र मात्र कारखाना ओस पडला की काम घराघरांत गेले, आणि घरात गेलेले काम स्त्रीच्या पदरात पडले.

त्या कायद्याने पुष्कळ दिले होते. पन्नासाहून अधिक स्त्रिया असतील तेथे मुलांसाठी खोली, रात्रपाळीला मनाई, प्रसूतीचा लाभ, छाटीच्या तंट्याचा निवाडा. पण पाळणाघराची खोली काढायची ती कारखान्यात, आणि स्त्री तर चुलीपाशी बसलेली. शिवाय स्वतःच्या घरात स्वतःसाठी धंदा करणाऱ्याला कायद्यातून सूट होती. तिचा फायदा घेऊन काही ठिकाणी कागदोपत्री पाने-तंबाखू बाईला ‘विकण्याची’ आणि विड्या तिच्याकडून ‘विकत घेण्याची’ पद्धत पडली. एका कागदाने मजूर बाई व्यापारी झाली! १९७६ च्या समान वेतन कायद्याचीही हीच अडचण. समान कामाला समान दाम. पण ज्या कामाला पुरुषच नाही, तेथे तुलना करायची कोणाशी? १९८७ साली सर्वोच्च न्यायालयाने मुंबईच्या एका कंपनीतील महिला लघुलेखिकांच्या बाजूने निकाल देताना कामाचे साम्य व्यापक दृष्टीने पाहावे, असे सांगितले. तेथे निदान पुरुष लघुलेखक तरी होते.

निपाणीच्या बायका मात्र कायद्याची वाट पाहत बसल्या नाहीत. १९८० च्या सुमारास तंबाखू कामगार स्त्रिया हजारोंच्या संख्येने संघटित झाल्या. त्यांच्या लढ्यावर ‘युगांतर’ या गटाने १९८२ साली अनुबोधपट काढला. निपाणी म्हटले की लोकांना १९८१ चे शेतकऱ्यांचे रास्ता रोको आणि ६ एप्रिलचा गोळीबार आठवतो, आणि ते योग्यच आहे. पण त्याच गावात त्याच सुमारास त्याच तंबाखूची धूळ खाणाऱ्या बायकाही हक्क मागत होत्या, ही आठवण मागे पडली.

आज चित्र पालटत आहे. विडी कामगारांच्या कल्याण निधीला आधार देणारा उपकर २०१७ साली रद्द झाला. जुने कायदे नव्या कामगार संहितांत सामावले गेले आणि त्या नोव्हेंबर २०२५ पासून लागू झाल्या. विडी ही आरोग्याची वैरीण. तिचा धंदा आटला तर शोक करण्याचे कारण नाही. मात्र सरकारदरबारी नोंदलेल्या सुमारे पन्नास लाख विडी कामगारांत बहुसंख्य स्त्रिया आहेत. त्यांच्या हाती दुसरे कोणते काम येणार? पुन्हा घरबसल्या नगावर मोजले जाणारे, हिशेबाची वही दुसऱ्याच्या हाती असणारे कामच आले, तर विडी गेली एवढेच म्हणता येईल.

आपल्या घरांतही पापड लाटणारी, कपडे शिवणारी, शिकवण्या घेणारी कोणी ना कोणी असते. ‘घरबसल्या चार पैसे’ असे आपण कौतुकाने म्हणतो. त्या चार पैशांसाठी तिचे किती तास गेले, दर कोणी ठरवला आणि नापास मालाचा तोटा कोणी सोसला, एवढे तीन प्रश्न तरी आपण विचारावेत. लेकीसुनांना कामाला लावण्याआधी त्यांच्या हाती कात्रीबरोबर वहीही द्यावी.