गोंड, गोवारी आणि मधला स्वल्पविराम

लेखमाला : वाटा आणि वाटेकरी – लेखांक ७

नागपुरात सीताबर्डीवरून जाणाऱ्या मोठ्या उड्डाणपुलाचं नाव ‘आदिवासी गोवारी शहीद उड्डाणपूल’ असं आहे. रोज हजारो गाड्या त्यावरून धावतात. जवळच झिरो माइलचा चार घोड्यांचा दगडी स्तंभ आहे आणि त्याच परिसरात गोवारी शहीद स्मारक. दरवर्षी २३ नोव्हेंबरला विदर्भाच्या गावागावांतून माणसं इथं येतात. काहींच्या हातात फुलं असतात, काहींच्या हातात मागणीचे फलक. गंमत पाहायला आलेला यात कुणी नसतो. ज्यांच्या घरातलं माणूस इथं गेलं, ती ही माणसं.

त्या दिवसाची हकीकत थोडक्यात अशी. २३ नोव्हेंबर १९९४. विधिमंडळाचं हिवाळी अधिवेशन सुरू होतं. भंडारा, चंद्रपूर, यवतमाळ, अमरावती, वर्धा, नागपूर अशा जिल्ह्यांतून हजारो गोवारी बायाबापडे मोर्चा घेऊन आले होते. मोर्चा विधानभवनाच्या अलीकडे अडवला गेला. सरकारच्या वतीनं कुणी तरी येऊन निवेदन घेईल, म्हणून लोक दिवसभर रस्त्यावर बसून राहिले. सायंकाळी गर्दी हलली, पोलिसांचा लाठीमार झाला आणि धावपळ उडाली. कठड्यांमध्ये कोंडलेल्या लोकांना बाहेर पडायला वाट नव्हती. ११४ माणसं चेंगरून मेली. त्यांत बहुतेक बाया आणि लेकरं होती. आदिवासी विकास मंत्री मधुकर पिचड यांनी राजीनामा दिला आणि चौकशीसाठी न्यायमूर्ती एस. एस. दाणी यांचा आयोग नेमला गेला.

मोर्चाची मुख्य मागणी एका ओळीत मावणारी होती. अनुसूचित जमातींच्या यादीत ‘गोंड गोवारी’ असं जे लिहिलं आहे, ते ‘गोंड, गोवारी’ असं वाचावं.

एका स्वल्पविरामासाठी एवढी माणसं का आली, हे समजायचं तर आधी गोवारी कोण ते पाहायला हवं. पूर्व विदर्भातल्या कुठल्याही जुन्या गावात सकाळी गुरं आखरावर गोळा व्हायची आणि तिथून ती रानात नेणारा गायकी बहुधा गोवारी असायचा. शेती दुसऱ्याची, गुरं दुसऱ्याची, जंगल सरकारचं. त्याच्या वाट्याला वर्षाकाठी जनावरामागे ठरलेलं धान्य यायचं. दिवाळीच्या पाडव्याला गायगोधनाचा सण येई. ढाल निघायची, गोवारी नाचायचे, गाईगुरांची पूजा व्हायची आणि त्या एका दिवशी सगळं गाव गोवाऱ्याच्या अंगणात यायचं. ढाल पुजण्याची ही रीत त्यांना गोंडांशी जोडते, असं समाजातली जाणती माणसं सांगतात. रसेल आणि हिरालाल यांनी १९१६ मध्ये मध्य प्रांतातल्या जातिजमातींवर ग्रंथ लिहिला. त्यातही गोवाऱ्यांचे तीन भेद दिले आहेत : गाय गोवारी, इंगा आणि मारिया ऊर्फ गोंड गोवारी. पुढचा सगळा वाद या तिसऱ्या नावाभोवती फिरला.

आता यादीकडे वळू. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३४२ नुसार अनुसूचित जमातींची यादी राष्ट्रपती जाहीर करतात आणि नंतर तिच्यात भर घालण्याचा किंवा काट मारण्याचा अधिकार फक्त संसदेला आहे. काका कालेलकर आयोगानंतर १९५६ मध्ये यादी सुधारली गेली, तेव्हा गोंडांच्या पोटनोंदींमध्ये ‘गोंड गोवारी’ आलं. तेसुद्धा सगळीकडे लागू नव्हतं. मेळघाट, गडचिरोली, सिरोंचा, केळापूर, वणी आणि यवतमाळ एवढ्याच तालुक्यांपुरतं होतं. त्या काळी जमात ठरायची ती भूगोलानुसार. एकाच घरातल्या दोन बहिणी, एक यवतमाळात दिलेली आणि दुसरी नागपुरात, सरकारी कागदावर दोन वेगळ्या जगांत राहायच्या.

१९७६ च्या दुरुस्ती कायद्यानं हे क्षेत्रबंधन उठलं आणि यादी राज्यभर लागू झाली. नाव जुळणाऱ्या कितीतरी जातींच्या आशा पालवल्या. ‘नामसदृश’ हा शब्द तेव्हापासून सरकारी भाषेत रुळला. नाव सारखं, पण जमात वेगळी, असा त्याचा अर्थ. एप्रिल १९८५ मध्ये राज्य सरकारनं शासन निर्णय काढून अधिकाऱ्यांना बजावलं की, दाखला गोंड गोवारींनाच द्यायचा, गोवारींना नाही. जुन्या कागदांवर ‘गोवारी’ एवढंच लिहिलेलं असायचं. गायक्याच्या पोराला शाळेत घालताना मास्तरनं जे ऐकलं ते लिहिलं. पुढे कुणी दोन शब्द मागेल, हे त्या मास्तरला माहीत नव्हतं आणि बापालाही नव्हतं.

या कागदांचं वजन किती, हे ज्या घरानं व्हॅलिडिटीसाठी धावपळ केली आहे त्यालाच ठाऊक. जमातीचा दाखला प्रांत अधिकारी देतात, पण तेवढ्यानं भागत नाही. २००१ च्या २३ क्रमांकाच्या महाराष्ट्र अधिनियमानं पडताळणी समितीचं वैधता प्रमाणपत्र आवश्यक केलं. अनुसूचित जमातीसाठी ६ सप्टेंबर १९५० च्या आधीचा पुरावा सर्वांत मोलाचा ठरतो : आजोबाचा शाळेचा दाखला, कोतवाल बुकातली जन्मनोंद, महसुलातली एखादी नोंद. ज्याच्या आजोबानं शाळेचं तोंड पाहिलं नाही आणि जमिनीचा तुकडाही धरला नाही, त्यानं कागद आणायचा कुठून? जो जितका मागे पडलेला, त्याच्याकडे कागद तितका कमी. कल्याणाच्या व्यवस्थेतली ही सर्वांत बोचणारी अडचण आहे. ती एकट्या गोवाऱ्यांची नाही. खऱ्याखुऱ्या गोंड, कोलाम घरांतली मुलंही तिच्यात अडकतात.

११४ मृत्यूंनंतर सरकारनं काही केलंच नाही, असं नाही. विशेष मागास प्रवर्ग हा नवा गट करून त्याला दोन टक्के आरक्षण दिलं गेलं. गोवारी, माना, कोष्टी, कोळी, मुन्नेरवार अशा, जमातीचा दावा करणाऱ्या जाती त्यात घातल्या. राज्याचं एकूण आरक्षण त्यामुळे ५२ टक्क्यांवर गेलं. पण हा प्रवर्ग महाराष्ट्रापुरताच. दिल्लीच्या यादीत असं नाव नाही. लोकांनी मागितलं होतं एक, हाती पडलं दुसरं.

जमातींच्या यादीतल्या ज्या अठराव्या नोंदीत ‘गोंड गोवारी’ आहे, तिच्यातच, गोंडांच्या खाली, ‘माना’ हेही नाव आहे. चंद्रपूर-गडचिरोलीकडच्या माना समाजालाही बरीच वर्षं सांगितलं जात होतं की, तुम्ही गोंडांची पोटजमात असाल तरच पात्र. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं निकाल दिला की, माना ही स्वतंत्र जमात आहे, कारण तिचं नाव यादीत सुटं लिहिलेलं आहे. एकाच नोंदीतली दोन नावं. एकाच्या आधी स्वल्पविराम होता, दुसऱ्यात नव्हता.

२०१८ मध्ये पारडं गोवाऱ्यांकडे झुकलं. १४ ऑगस्टला मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठानं त्यांच्या बाजूनं निकाल दिला. ‘गोंड गोवारी’ नावाची वेगळी जमात १९११ च्या आधीच लोप पावली होती. मग १९५६ मध्ये यादीत घातलेले लोक गोवारीच असले पाहिजेत, असा त्याचा तर्क होता. त्या दिवाळीला गावागावांत ढाल वेगळ्या उत्साहात निघाली असणार, यात शंका नाही. त्या निकालाच्या बळावर मुलांनी प्रवेश घेतले, काहींना नोकऱ्या लागल्या. राज्य सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि १८ डिसेंबर २०२० रोजी निकाल फिरला. संसदेनं ‘गोंड गोवारी’ लिहिलं ते जसं आहे तसंच वाचावं लागेल, न्यायालय पुरावे घेऊन त्यात भर घालू शकत नाही, आणि १९५६ मध्ये यादीत घातलेली जमात त्याआधीच नाहीशी झाली होती असं धरता येत नाही, असं न्यायमूर्तींनी म्हटलं. मधल्या सव्वादोन वर्षांत मिळालेले प्रवेश आणि नोकऱ्या राहू दिल्या, पण यापुढे जमातीचा लाभ नाही, असंही स्पष्ट केलं.

इथं आदिवासी संघटनांची बाजू तितक्याच गांभीर्यानं ऐकायला हवी. राज्यात अनुसूचित जमातींना सात टक्के आरक्षण आहे. त्या सात टक्क्यांत गोंड, कोरकू, भिल्ल, कातकरी, कोलाम सगळे येतात. त्यांच्या जागांवर नावाच्या साम्यावरून दुसरे बसले, ही तक्रार खोटी नाही. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की, दाखला अवैध ठरला तर त्यावर मिळालेली नोकरी टिकणार नाही. त्यानंतर महाराष्ट्र सरकारनं डिसेंबर २०१९ मध्ये अशा कर्मचाऱ्यांना अधिसंख्य, म्हणजे नियमित संख्येबाहेरच्या, पदांवर हलवलं. गडचिरोलीतल्या एखाद्या माडिया मुलानं अशा जागेसाठी किती वर्षं वाट पाहिली, हे अर्जदारांच्या यादीत दिसत नाही. ‘बोगस आदिवासी’ हा शब्द आदिवासी संघटनांच्या मोर्चातून येतो, तेव्हा त्यामागे हा जुना राग असतो. म्हणून हा वाद श्रीमंत विरुद्ध गरीब असा मांडता येत नाही. भाकरीचा एक तुकडा आहे आणि दोन्हीकडे उपाशी माणसं आहेत.

नागपूरचे विणकर हलबा कोष्टीही जमातीच्या दाव्याच्या याच वाटेनं गेले. महाल, इतवारी, पाचपावली, तांडापेठ भागात हातमागाची खटखट एकेकाळी पहाटेपासून ऐकू यायची. हातमाग बसले, २००२ मध्ये एम्प्रेस मिलही बंद झाली. नोव्हेंबर २००० मध्ये एका कोष्टी विद्यार्थ्याच्या वैद्यकीय प्रवेशावरून सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं निकाल दिला : यादीत ‘हलबा’ आहे, ‘हलबा कोष्टी’ नाही. त्या तरुणाची पदवी काढून घेतली नाही, मात्र दावा संपला. विणकराच्या घरातली बेकारी तिथंच राहिली.

जगात इतरत्रही माणसाला मदतीआधी ओळख सिद्ध करावी लागते. कॅनडात आदिवासी स्त्रीनं बाहेरच्या पुरुषाशी लग्न केलं की तिची नोंद रद्द व्हायची आणि वस्तीतला हक्क जायचा. पुरुषाला हा नियम नव्हता. सँड्रा लव्हलेस या स्त्रीनं ही तक्रार संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार समितीपुढे नेली, १९८१ मध्ये तिच्या बाजूनं मत मिळालं आणि १९८५ मध्ये कायदा बदलला. यादी कशी वाचायची हा तिथं प्रश्न नव्हता. ती यादी कोणत्या समजुतीवर उभी आहे, हा होता.

आपल्याकडेही तोच प्रश्न विचारायला हवा. जमात कशाला म्हणायचं, याचे पाच निकष १९६५ च्या लोकूर समितीनं सांगितले : आदिम लक्षणं, वेगळी संस्कृती, भौगोलिक दुरावा, बाहेरच्या समाजाशी मिसळण्याचा संकोच आणि मागासलेपण. गोवारी गायकी रोज सकाळी गावातल्या दारोदारी जाऊन गुरं सोडवून घ्यायचा. त्याला संकोच परवडणारा नव्हता. दूर रानात तो दिवसा असायचा, पण त्याचं घर गावाच्या कडेला होतं आणि पोट गावावर होतं. गावाशी सततच्या संबंधानंच त्याला गरीब ठेवलं. दुराव्याचं मोजमाप लावलं, तर असा माणूस निकषात बसत नाही आणि त्याची गरिबी मात्र तेवढीच खरी राहते.

म्हणून या लेखकाला वाटतं की, दोन गोष्टी वेगळ्या करायला हव्यात. गोवारी जमात आहे की नाही, हा निर्णय संसदेचा आहे. त्यासाठी राज्याची शिफारस, भारताच्या महानिबंधकांचं मत, अनुसूचित जमाती आयोगाचं मत अशी १९९९ मध्ये ठरलेली वाट आहे, आणि पुण्याच्या आदिवासी संशोधन संस्थेकडून नीट, गावोगाव जाऊन केलेला अभ्यास त्या वाटेवर लागणारच. पण वसतिगृह, शिष्यवृत्ती, चराईच्या जमिनीवरचा हक्क, शेळीपालनासाठी भांडवल देण्यासाठी स्वल्पविरामाची वाट पाहण्याची गरज नाही. राज्य सरकारच्या हातात हे आज आहे. माडिया मुलाच्या सात टक्क्यांतला दाणाही त्यासाठी घ्यावा लागत नाही. १९९४ पासून आलेल्या प्रत्येक सरकारनं हे काम दाखल्याच्या प्रश्नात गुंडाळून पुढे ढकललं, ही खरी चूक आहे.

२०२४ च्या सुरुवातीला नागपूरच्या संविधान चौकात गोवारी तरुण पुन्हा उपोषणाला बसले. त्यांच्यातले बरेच जण १९९४ नंतर जन्मलेले होते. मोर्चाच्या दिवशी आईच्या कडेवर असलेल्यांपैकी जे वाचले, ते आता तिशी ओलांडलेले आहेत आणि त्यांची मुलं शाळेत जातात. शाळेच्या नोंदवहीत जातीच्या रकान्यात काय लिहायचं, हे प्रवेशाच्या दिवशी मास्तर आजही विचारतात.

(पुढील लेखांकात : ‘धनगर’ आणि ‘धनगड’, एका अक्षराचा खटला.)