सई परांजपे : छोट्या पडद्यावरील उमेदवारी

दुपारची मालिका संपून नावांची पाटी सरकू लागली की आमच्या घरी आई चहाचे आधण ठेवायला उठते. 'दिग्दर्शन' आणि 'निर्मिती' या शब्दांपुढे कोणाचे नाव आहे, ते कोणी वाचत नाही. नटनट्या सर्वांना ठाऊक. पण हा पाटीवरचा माणूस नेमके करतो काय, आणि ते काम शिकतो कोठे? 'स्पर्श', 'चश्मे बद्दूर', 'कथा' या चित्रपटांमुळे सई परांजपे यांचे नाव सर्वतोमुखी झाले. परंतु त्यांची खरी उमेदवारी झाली ती दिल्लीच्या दूरचित्रवाणी केंद्रात. त्या वर्षांविषयी आपल्याकडे फारसे बोलले जात नाही, म्हणून हा लेखनप्रपंच.

सईताईंचा जन्म १९ मार्च १९३८ चा, लखनौचा. आजोबा रँग्लर परांजपे, आई शकुंतलाबाई. वयाच्या आठव्या वर्षी 'मुलांचा मेवा' हे त्यांचे पुस्तक छापून आले! एवढी पुण्याई पाठीशी असल्यावर अवघड ते काय, असे आमच्यासारख्या, घरातून पहिल्यांदाच कॉलेजची पायरी चढणाऱ्यांच्या मनात येणारच. ते अगदी खोटेही नाही. मात्र घराण्याने त्यांना पुस्तके दिली. कॅमेरा दिला नाही. तो त्यांनी नोकरी करीत शिकून घेतला. आधी पुणे आकाशवाणीवर निवेदिका, मग दिल्लीचे राष्ट्रीय नाट्य विद्यालय, तेथे इब्राहिम अल्काझींसारखा कडक गुरू, १९६३ मध्ये पदविका, आणि पुढे दूरचित्रवाणी.

ही दूरचित्रवाणी तेव्हा बाल्यावस्थेत होती. १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत प्रयोग म्हणून ती सुरू झाली, रोजचे प्रक्षेपण १९६५ पासून. १९७६ पर्यंत ती आकाशवाणीचेच एक अंग होती. चित्र कृष्णधवल, संच मोजके. दिवसा शाळांसाठी पाठ असत आणि संध्याकाळी इतर कार्यक्रम.

अशा केंद्रात निर्माता म्हणजे पैसे घालणारा शेठ नव्हे. तो पगारी नोकर. विषय सुचवणे, संहिता लिहिणे किंवा लिहवून घेणे, नट निवडणे, तालमी घेणे, सारे त्याच्याच गळ्यात. कार्यक्रमाच्या वेळी तो नियंत्रणकक्षात बसतो. समोर प्रत्येक कॅमेऱ्याचे चित्र वेगळ्या पडद्यावर दिसत असते. त्यांतले कोणते चित्र आता घरोघरी जावे, हे त्याने क्षणाक्षणाला सांगायचे. त्यातून तेव्हा बहुतेक कार्यक्रम थेट होत. नट वाक्य विसरला तर ते विसरणेही तसेच प्रेक्षकांपर्यंत पोचे! नाटकात पुढचा प्रयोग असतो, चित्रपटात पुन्हा चित्रण करता येते. येथे दोन्ही नाही. माझ्या मते सईताईंच्या चित्रपटांत जो नेटकेपणा आहे, पसारा नाही, त्याचे मूळ या शिस्तीत असावे.

१९७२ हे वर्ष त्यांना भरभरून गेले. त्यांच्या 'द लिटल टी शॉप' या दूरचित्रपटाला तेहरान येथे आशियाई प्रक्षेपण संघाचे पारितोषिक मिळाले. त्याच वर्षी २ ऑक्टोबरला मुंबई केंद्र सुरू झाले, आणि त्याच्या उद्घाटनाच्या कार्यक्रमाच्या निर्मितीसाठी निवड झाली ती सईताईंची.

आणखी एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. 'रैना बीती जाये' आणि 'धुआँ धुआँ' ही कथानके त्यांनी आधी दूरचित्रवाणीसाठी केली. पहिल्यातून 'स्पर्श' झाला. अंधशाळेच्या मानी मुख्याध्यापकाच्या या कथेला राष्ट्रीय पारितोषिके मिळाली, त्यांत पटकथेचेही होते. दुसऱ्यातून झाला 'चश्मे बद्दूर' (१९८१). एका खोलीत राहणारे तीन विद्यार्थी, उधारी आणि सिगारेटचा धूर! वसतिगृहात राहिलेल्या कोणालाही हे त्रिकूट ओळखीचे वाटेल. म्हणजे लहान जागेत, तुटपुंज्या खर्चात करून पाहिलेलेच पुढे मोठ्या पडद्यावर गेले.

आजच्या दैनंदिन मालिकेत कथा एकाची, संवाद दुसऱ्याचे, दिग्दर्शन तिसऱ्याचे, आणि रोज एक भाग पुरा झालाच पाहिजे. कष्ट तेथेही कमी नाहीत. पण संपूर्ण कार्यक्रम एकाच डोक्यातून उतरण्याची ती सोय उरलेली नाही. सईताईंना ती सोय हवीशी वाटत असावी. चित्रपटांत नाव झाल्यावरही त्या दूरदर्शनकडे वळल्या, आणि १९८४ मध्ये 'अडोस पडोस', पुढच्या वर्षी 'छोटे बडे' या मालिका त्यांनी केल्या.