नॉर्वेचा नट, डेन्मार्कचा महाराजा

मागच्या वेळी आपण नॉर्डिस्क या डॅनिश कंपनीबद्दल बोललो. 1906 साली ओले ओल्सेननं ती काढली. डेन्मार्क एवढासा देश, म्हणजे कमाई परदेशातूनच, त्यातही जर्मनीतून जास्त. अशा कंपनीला बाहेरचा नट चालतो का? आमचं उत्तर असं, की मूकपटात तो अगदी सहज चालतो. उच्चार ऐकूच येत नाहीत. संवादाच्या पाट्या तेवढ्या बदलायच्या, डॅनिशच्या जागी जर्मन.

गुन्नार टोलनेस हा नॉर्वेचा रंगभूमीवरचा नट. जन्म 1879 चा, म्हणजे पडद्यावर नाव होईपर्यंत पस्तिशी उलटलेली. त्या वेळी नॉर्वेत चित्रपटाचा धंदा जवळजवळ नव्हताच, त्यामुळे कोपनहेगन गाठणं ओघानंच आलं. नॉर्डिस्कचा सगळ्यात लाडका नायक वाल्डेमार सिलांडर कंपनी सोडून गेला आणि 1917 च्या मार्चमध्ये वारलाच. रिकामी जागा मोठी होती. ती भरली या नॉर्वेकरानं.

आणि कशी भरली, ते आपल्याला ऐकायला गंमत वाटेल. 1917 चाच 'महाराजाची आवडती राणी' हा चित्रपट. एक युरोपियन मुलगी महाराजाच्या प्रेमात पडून त्याच्याबरोबर जाते आणि जनानखान्यातली एक होऊन बसते. महाराजा टोलनेस, नायिका लिली जेकब्सन, ती स्वीडनची! म्हणजे डॅनिश चित्रपट, नायक-नायिका दोघंही बाहेरचे, आणि भारत कोपनहेगनच्या स्टुडिओत उभारलेला. इकडे दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' येऊन चार वर्षं झाली होती. तिकडचा हिंदी राजा मात्र फेटा बांधलेला नॉर्वेकर. आम्हाला यात हसू येतं तसं थोडं खुपतंही. परक्या नटाला पडद्यावर जागा मिळाली, पण ज्याचं सोंग तो घेत होता त्याला नाही.

पुढच्याच वर्षी 'हिमेलस्किबेट'मध्ये, म्हणजे 'आकाशनौका'मध्ये, तो मंगळावर पोचला. नायकाचं नाव अवंती, आपल्या कानाला थेट उज्जैनचं. मंगळावरचे लोक शाकाहारी आणि शांतताप्रिय. महायुद्ध चालू असताना हे दाखवणं म्हणजे उघड भाष्यच होतं.

दरम्यान 1917 च्या अखेरीस जर्मनीत ऊफा उभी राहिली, तिनं नॉर्डिस्कचा तिथला कारभार घेतला आणि कंपनीचा कणाच मोडला. महाराजाचा दुसरा भाग 1919 मध्ये डेन्मार्कनंच काढला. तिसरा आला 1921 मध्ये, जर्मनीत बनलेला. महाराजा तोच, टोलनेस.